भोपळ्याला पाणी सुटते आणि साखर मात्र करपते

वाचकाचे पत्र: “मागच्या आठवड्यात मी बटरनट भोपळा भाजून त्याचे गोड, मसालेदार तोंडीलावणे करून पाहिले. साल काढून फोडी केल्या, त्यांवर वितळलेले लोणी, भरपूर ब्राउन शुगर आणि दालचिनी, जायफळ, लवंग यांची पूड घातली आणि ट्रे १८० अंशांच्या ओव्हनमध्ये पाऊण तास ठेवला. पदार्थ गोड असल्यामुळे मीठ घातले नाही. ट्रे बाहेर काढला तेव्हा फोडी गळून गेल्या होत्या, तळाशी पाणी साचले होते आणि कडेला मात्र साखर काळी पडून घट्ट चिकटली होती. चव गोड होती पण पोकळ होती, आणि मागाहून जिभेवर कडवटपणा राहत होता. जेवायला आलेल्यांपैकी एकाने विचारले, की हे जेवणासोबत खायचे की जेवण झाल्यावर? पुढच्या महिन्यात आठ माणसांसाठी हाच पदार्थ करायचा आहे. साखर कमी करू, भोपळा बदलू, की हा नादच सोडून देऊ? आणि आदल्या दिवशी करून ठेवला तर चालेल का?”

नाद सोडून देण्याचे काहीच कारण नाही, आणि भोपळाही बदलायला नको, कारण बटरनट या कामाला उत्तमच आहे. साखर कमी करावी लागेल हे खरे, पण तेवढ्याने तुमचा पदार्थ सुधारणार नाही. तो थोडा कमी गोड आणि तितकाच पाणचट होईल. तुमच्या पत्रातली खरी तक्रार पाण्याची आहे. तळाशी साचलेले पाणी, गळून गेलेल्या फोडी आणि पोकळ चव तर पाण्यामुळे आहेतच, पण कडेला करपलेल्या साखरेचे मूळदेखील तिथेच आहे: फोडींतले पाणी उडून जाण्याच्या आत तुम्ही त्यांवर साखर घातलीत.

कच्च्या बटरनटच्या गरात वजनाने सुमारे ८६ टक्के पाणी असते, म्हणजे साफ केलेल्या एक किलो फोडींत साडेआठशे ग्रॅमहून अधिक पाणीच असते. ओव्हन कितीही तापलेला असला तरी फोडीचा पृष्ठभाग जोवर ओला आहे तोवर त्याचे तापमान १०० अंशांच्या फारसे वर चढत नाही, कारण मिळणारी उष्णता पाण्याची वाफ करण्यातच खर्च होते. आणि भाजलेल्या पदार्थाला ज्या क्रियांमुळे तांबूस रंग व खरपूस वास येतो, त्या जोमाने सुरू व्हायला साधारण १४० अंश तरी लागतात. कच्च्या फोडींवर साखर पडली की ती त्यांच्यातले पाणी आणखी बाहेर ओढते, त्या पाण्यात विरघळते आणि तिचा पातळ पाक होतो. मग फोडी भाजल्या न जाता त्या पाकात शिजत राहतात. हाच पाक पसरत ट्रेच्या कडेला जातो, तिथे त्याचा थर पातळ असतो आणि पत्रा अधिक तापलेला असतो, त्यामुळे तेवढ्याच भागातले पाणी चटकन आटते आणि उरलेली साखर थेट काळी पडते. एकाच ट्रेमध्ये मधोमध तळे आणि काठाला कोळसा, हे चित्र मला चांगले ओळखीचे आहे. माझा अशा रीतीने करपलेला पहिला ट्रे दोन दिवस गरम पाण्यात भिजत पडला होता, आणि त्याच्या एका कोपऱ्यातला डाग अजून गेलेला नाही.

म्हणून क्रम उलटा करा. आधी मोठ्या आचेवर, केवळ तेल आणि मीठ लावून, फोडींतले पाणी उडवायचे आणि त्यांना रंग आणायचा. गोडवा आणि मसाला अगदी शेवटच्या सात-आठ मिनिटांत घालायचा. हे वरवर किरकोळ वाटते, पण निम्म्याहून अधिक फरक एवढ्यानेच पडतो.

आता भोपळ्याबद्दल. हिवाळी म्हणून ओळखले जाणारे हे भोपळे हिवाळ्यात पिकत नाहीत. ते उन्हाळाभर वेलावर वाढतात, शरदात उतरवले जातात, आणि साल जाड व कडक झालेली असल्यामुळे पुढे हिवाळ्यापर्यंत टिकतात, म्हणून त्यांना ते नाव पडले आहे. स्वयंपाकघरात आपण ज्यांना सरसकट भोपळा म्हणतो ते मुख्यतः तीन वेगवेगळ्या जातींचे असतात, आणि कोणता भोपळा ट्रेमध्ये कसा वागेल हे बऱ्याच अंशी त्याच्या जातीवरून सांगता येते. बटरनट हा कुकुर्बिटा मोशाटा या जातीतला. त्याचा गर मुलायम, गोडसर आणि बेताच्या ओलाव्याचा असतो. कबोचा, हबर्ड, बटरकप, रेड कुरी हे कुकुर्बिटा मॅक्झिमामधले. त्यांच्यात पिष्टमय भाग अधिक आणि पाणी कमी असल्यामुळे ते भाजल्यावर उकडलेल्या चेस्टनटसारखे कोरडे, भरीव लागतात. एकोर्न, डेलिकाटा आणि शेवयांसारखे धागे सुटणारा स्पॅगेटी स्क्वॉश हे कुकुर्बिटा पेपोमधले, म्हणजे ज्या जातीत झुकिनी मोडते तिच्यातले, आणि यांतला एकोर्न बहुधा पाणचट व किंचित तंतुमय निघतो. डेलिकाटा मात्र त्याच जातीतला असूनही गोड असतो आणि त्याची साल इतकी कोवळी असते की ती सोलावी लागत नाही. स्पॅगेटी स्क्वॉशच्या वाटेला या पदार्थासाठी जाऊ नये. त्याचे गुण वेगळे आहेत.

माझी आवड विचाराल तर मी दोन भाग बटरनट आणि एक भाग कबोचा असे मिश्रण घेते, कारण बटरनटचा रसाळपणा आणि कबोचाचा कोरडा भरीवपणा एकाच घासात येतो. पण हा हौसेचा भाग झाला. नुसता बटरनट वापरलात तरी काही कमी पडणार नाही, अट एवढीच की तो पूर्ण पिकलेला असावा. फिकट बदामी रंगाच्या सालीवर हिरव्या रेषा दिसत असतील तर तो लवकर उतरवलेला आहे असे समजावे. देठ शाबूत, वाळलेला आणि बुचासारखा झालेला असावा. साल चकचकीत नसून मंद असावी आणि अंगठ्याचे नख सहज रुतू नये. आणि हातात घेतल्यावर भोपळा दिसतो त्यापेक्षा जड वाटावा. ज्याची मान लांब आणि जाड आहे तो निवडा, कारण मानेत बिया नसतात, तिथला गर घट्ट असतो आणि त्याच्या एकसारख्या फोडी पडतात.

तुमचे जेवण पुढच्या महिन्यात आहे, ही गोष्ट तुमच्या फायद्याची आहे. वेलावरून उतरवल्यानंतरही या भोपळ्यांच्या आत काम चालूच असते. साठवलेल्या पिष्टाची हळूहळू साखर होत राहते, त्यामुळे कबोचासारखा भोपळा ताजा असताना पिठूळ आणि जेमतेम गोड लागतो, तर काही आठवड्यांनी तोच चांगला गोड होतो. बटरनटलाही असा महिनाभराचा मुक्काम मानवतो. तेव्हा शक्य असेल तर भोपळे आताच आणून १० ते १५ अंश तापमानाच्या, कोरड्या, हवेशीर जागी, एकमेकांना टेकू न देता ठेवा. अख्खा भोपळा फ्रिजमध्ये ठेवू नका. १० अंशांच्या खाली फार दिवस राहिला तर गार हवेने त्याच्या पेशींना इजा होते आणि पुढे तो लवकर सडतो. कापलेला भोपळा मात्र झाकून फ्रिजमध्येच ठेवावा लागतो. एकोर्न आणि डेलिकाटा यांना थांबवून ठेवण्यात अर्थ नाही. ते काही आठवड्यांतच संपवावेत, कारण साठवणीत त्यांचा गर उतरणीला लागतो.

कापण्याविषयी तुम्ही काही विचारलेले नाही, तरी सांगते, कारण या पदार्थात बोट कापून घेण्याची शक्यता जीभ भाजण्यापेक्षा जास्त आहे. अख्खा बटरनट आडवा ठेवून त्यावर जोर लावू नका. तो लोळतो आणि सुरी निसटते. आधी दोन्ही टोके कापून सपाट करा, मग मान आणि पोट जिथे जुळतात तिथे आडवा छेद देऊन दोन तुकडे करा, आणि प्रत्येक तुकडा कापलेल्या सपाट बाजूवर उभा ठेवून वरून खाली साल काढा. साल काढताना तिच्या खालच्या फिकट हिरव्या रेषाही जातील इतके खोल जायला हवे, कारण त्या शिजल्यावरही चिवट राहतात. कबोचाची साल फारच कडक वाटली तर त्याला सुरीच्या टोकाने चार-पाच भोके पाडून मायक्रोवेव्हमध्ये दोन-तीन मिनिटे गरम करावे, म्हणजे सुरी सहज शिरते. भोके पाडल्याशिवाय मात्र ठेवू नये. बटरनट सोलताना त्याचा चीक बोटांवर वाळतो आणि कातडी ताणल्यासारखी, पापुद्रा चढल्यासारखी होते. काहींना त्याची खाजही सुटते. हाताला आधीच थोडे तेल चोळावे किंवा हातमोजे घालावेत.

आणखी एक सवय लावून घ्या: भोपळा कापला की कच्च्या गराचा कणभर तुकडा जिभेवर ठेवून पाहा. या कुळातल्या फळांत कधीकधी कुकुर्बिटासिन नावाची कडू, विषारी द्रव्ये उतरतात, विशेषतः परागसंकर झालेल्या घरच्या बियांपासून वाढलेल्या किंवा शोभेच्या भोपळ्यांत, आणि ती शिजवल्याने नष्ट होत नाहीत. तुकडा कडू लागला तर थुंकून टाकावा आणि अख्खा भोपळा फेकून द्यावा, साखरेने तो झाकण्याचा प्रयत्न करू नये. तुमच्या पदार्थात राहिलेला कडवटपणा हा तसा नव्हता असे मला वाटते; कुकुर्बिटासिनचा कडवटपणा पहिल्या घासालाच तोंड वेडेवाकडे करायला लावतो, मागाहून हलकेच जाणवत नाही. तुमचा कडवटपणा करपलेल्या साखरेचा, जळलेल्या लोण्याचा आणि लवंगेचा होता.

आता प्रत्यक्ष कृती. आठ माणसांसाठी सुमारे एक-एक किलोचे दोन बटरनट घ्या. साल आणि बिया गेल्यावर दीड किलोहून थोड्या अधिक फोडी मिळतील. फोडी अडीच सेंटिमीटरच्या, शक्य तितक्या एकसारख्या करा. लहान केल्या तर रंग येण्याआधीच त्यांचा लगदा होतो, आणि लहानमोठ्या मिसळल्या तर काही करपतात आणि काही कच्च्या राहतात. ओव्हन २२० अंशांवर, पंखा चालू असेल तर २०० अंशांवर, पुरता तापू द्या. फोडी कोरड्या फडक्याने टिपून त्यांना तीन मोठे चमचे तेल आणि दीड लहान चमचा मीठ चोळा. मीठही पाणी ओढते, म्हणून ते लावून फोडी तशाच ठेवू नका, लगेच ओव्हनमध्ये घाला. लोणी या टप्प्यावर नको, कारण त्यात सोळा-सतरा टक्के पाणी असते आणि दुधाचे जे बारीक कण असतात ते इतक्या उष्णतेत काळे पडतात.

फोडी एका ट्रेमध्ये दाटीने न भरता दोन ट्रेंमध्ये पसरा. प्रत्येक फोडीच्या भोवती बोटभर मोकळी जागा दिसली पाहिजे, नाहीतर शेजारच्या फोडींची वाफ अडकून राहते आणि ट्रेचे मोदकपात्र होते. खोल भांडेही टाळा. उथळ काठाचा, गडद रंगाचा पत्रा सर्वांत चांगला भाजतो. ट्रे आत गेल्यावर वीस मिनिटे त्याला हात लावू नका. सुरुवातीला ओव्हनमधून एक ओला, फुसफुसता आवाज येत राहतो, दाराच्या काचेवर वाफ धरते, आणि वास उकडलेल्या भोपळ्याचा असतो. पंधरा-सोळा मिनिटांनंतर तो आवाज पातळ होतो आणि मधूनच तडतड ऐकू येऊ लागते. पाणी ओसरले असून आता तेल तापते आहे, याची ती खूण. वीस मिनिटांनी दार उघडा, वाफ बाहेर पडू द्या आणि एका फोडीखाली पातळ उलथणे सरकवून पाहा. ती पत्र्यापासून आपणहून सुटली आणि तळाशी कडांना गडद तपकिरी, मधे सोनेरी असा चौकोन उमटलेला दिसला, तर सगळ्या फोडी उलटा. ती चिकटून बसली असेल तर ओढू नका, आणखी तीन-चार मिनिटे द्या. तळाला पापुद्रा धरला की ती स्वतःच सुटते. उलटल्यावर ट्रेंची जागा अदलाबदल करून, म्हणजे वरचा खाली आणि खालचा वर ठेवून, आणखी दहा-बारा मिनिटे भाजा. सुरीचे टोक विनासायास आत गेले पाहिजे, पण फोडीचे कोपरे शाबूत असले पाहिजेत.

फोडी भाजल्या जात असताना शेगडीवर गोड मसाला तयार करा. फिकट रंगाच्या छोट्या पॅनमध्ये साठ ग्रॅम लोणी मंद आचेवर ठेवा. ते वितळेल, फसफसेल, मग फेस बारीक होईल, आणि चमच्याने फेस बाजूला सारला तर तळाशी तपकिरी कण दिसू लागतील. भाजलेल्या हेझलनटसारखा वास आला की त्याच क्षणी पॅन आचेवरून खाली घ्या. इथे अर्धे मिनिट महत्त्वाचे असते, म्हणून फोनवर बोलत हे काम करू नये. गरम लोण्यात मसाल्याची पूड घालून ढवळा, नंतर तीन मोठे चमचे मेपल सिरप आणि चिमूटभर मीठ घाला, आणि पॅन पुन्हा मिनिटभर आचेवर ठेवून बुडबुडे मोठे व संथ होईपर्यंत आटवा. मेपल सिरपमध्ये जवळजवळ एक तृतीयांश पाणी असते, ते या मिनिटभरात कमी झाले तर फोडींवर पाक नीट धरतो. भाजलेल्या फोडी एका मोठ्या, पसरट वाडग्यात काढून त्यांवर हा मसाला ओता, हलक्या हाताने घोळा आणि पुन्हा ट्रेवर पसरून सहा ते आठ मिनिटे ओव्हनमध्ये ठेवा. आता फोडींचा पृष्ठभाग कोरडा आहे, त्यामुळे पाक पातळ होऊन वाहून जात नाही; तो तिथेच घट्ट होतो आणि फोडींना लाखेसारखी चमक येते. शेवटची दोन मिनिटे दारापाशी उभे राहा.

मेपल सिरप नसेल तर दोन सपाट मोठे चमचे ब्राउन शुगर चालेल. तिच्यातल्या मळीमुळे चवीला खोली येते. मधही चालेल, पण मधात फळशर्करा भरपूर असते आणि ती साध्या साखरेपेक्षा बऱ्याच कमी तापमानाला तांबूस होते, म्हणून मध घातल्यास ओव्हनमधला शेवटचा वेळ तीन-चार मिनिटांवर आणा. तुमच्या आठ जणांत एक वर्षाखालचे बाळ असेल तर मधाचा घास त्याला देऊ नये, शिजवलेला असला तरीही. कोणताही गोडवा घ्या, पण दीड किलो फोडींना दिलेल्या मापापेक्षा जास्त घालू नका. नीट पिकलेला आणि नीट भाजलेला भोपळा स्वतःच गोड असतो, कारण पाणी उडाले की त्याची साखर एकवटते.

मसाल्याबाबत तुमच्याकडून झालेली चूक बहुतेकांकडून होते. दालचिनी, सुंठ, जायफळ, लवंग यांची जी तयार मिश्रणे मिळतात, त्यांतले प्रसिद्ध मिश्रण मॅककॉर्मिक कंपनीने १९३४ साली पंपकिन पाय स्पाइस या नावाने बाजारात आणले, आणि नावातच आहे त्याप्रमाणे ते ‘पाय’ नावाच्या, सारण भरून भाजायच्या गोड पदार्थाच्या सारणासाठी होते. त्या सारणात दूध, अंडी आणि भरपूर साखर असते; हे सगळे मिळून मसाल्याचा जोर झाकतात. तेच प्रमाण उघड्या फोडींवर पडले की मसाला अंगावर येतो. वर सांगितलेल्या मापाला मी एक लहान चमचा दालचिनी, अर्धा लहान चमचा सुंठ, त्याच वेळी किसलेले पाव लहान चमचा जायफळ आणि अर्धा लहान चमचा भरडलेली काळी मिरी घेते. लवंगेची पूड चिमटीत मावेल तेवढीच. लवंगेतले युजेनॉल हे जिभेला बधिर करणारे द्रव्य आहे, आणि तिची मात्रा जरा वाढली की बाकी सगळे मसाले मागे पडून दवाखान्याचा वास तेवढा उरतो. मसाल्यांचा गंध देणारी बहुतेक द्रव्ये पाण्यापेक्षा तुपातेलात चांगली उतरतात, म्हणून पूड कोरडी भुरभुरण्याऐवजी लोण्यात घालायची. कोरडी पूड पाऊण तास उघड्यावर भाजली गेली तर तिचा गंध उडतो आणि कडवट चोथा मागे राहतो. दालचिनीच्या पुडीचा तर ओल्या फोडीवर बुळबुळीत लेपच होतो.

आता तुमच्या पाहुण्याचा प्रश्न, की हे कधी खायचे. मला तो अजिबात खोचक वाटला नाही. उलट तुम्हाला मिळालेला तो सर्वांत उपयोगी शेरा आहे. साखर, लोणी आणि दालचिनी एवढीच नावे असलेला पदार्थ ताटात कुठेही वाढला तरी तो गोडाचाच पदार्थ राहतो. त्याला तोंडीलावण्याचा मान मिळवून द्यायचा तर मीठ, आंबट आणि तिखट यांपैकी एकालाही वगळून चालत नाही. मीठ आपण घातलेच आहे. ओव्हनमधून काढल्यावर फोडींवर एका लिंबाचा रस किंवा दोन-तीन लहान चमचे सफरचंदाचे व्हिनेगर शिंपडा. मात्र हे शेवटीच, कारण आंबट आधी घातले तर पेशींना बांधून ठेवणारे पेक्टिन लवकर विरघळत नाही, फोडी आतून कडक राहतात, आणि रंगही उशिरा येतो. तिखटासाठी मिरी आहेच, हवी तर सुकी लाल मिरची भरडून घाला. याशिवाय सेजची आठ-दहा पाने तपकिरी होत आलेल्या लोण्यात कुरकुरीत तळून वर चुरली, तर सगळा पदार्थ एकदम जेवणाच्या बाजूला झुकतो. सेज न मिळाल्यास थाइम घ्या. शेवटी काहीतरी कुरकुरीत हवे: भाजलेले अक्रोड किंवा पेकान, नाहीतर त्याच भोपळ्याच्या बिया. बिया धुऊन, दोरे काढून, पूर्ण कोरड्या करून, थोडे तेल-मीठ लावून १६० अंशांवर पंधरा ते वीस मिनिटे भाजल्या की त्या फुटाण्यासारख्या तडकू लागतात. त्यासाठी मोठ्या ट्रेंच्या आधी ओव्हनचा उपयोग करून घ्यावा.

एकोर्न वापरायची वेळ आलीच तर त्याच्या फोडी करू नका, कारण त्याच्या कंगोऱ्यांमुळे साल काढणे जिकिरीचे होते. तो उभा चिरून, बिया काढून, आतून तेल-मीठ लावून दोन्ही वाट्या पालथ्या घाला आणि २०० अंशांवर अर्धा तास भाजा. पालथ्या घातल्यामुळे सुटलेले पाणी खाली निघून जाते. मग उताण्या करून आतल्या बाजूने गोड मसाल्याचा हात फिरवा आणि दहा मिनिटे पुन्हा ओव्हनमध्ये ठेवा. सुरुवातीपासून उताण्या ठेवून खळग्यात लोणी-साखर भरण्याची पद्धत दिसायला देखणी आहे, पण त्यात भोपळा आपल्याच पाण्यात पोहतो आणि सगळा गोडवा तळाच्या शेवटच्या दोन घासांत सापडतो.

तुमचा शेवटचा प्रश्न होता आदल्या दिवशी करून ठेवण्याचा. पूर्ण तयार करून ठेवू नका. पाक लावलेल्या फोडी रात्रीत पाणी सोडतात आणि दुसऱ्या दिवशी तुम्ही पुन्हा मागच्या आठवड्यातल्या ट्रेसमोर उभ्या असाल. आदल्या दिवशी फोडी करून, बंद डब्यात कोरड्या फडक्यावर ठेवून, डबा फ्रिजमध्ये ठेवा; लोण्याचा गोड मसालाही करून वाटीत झाकून ठेवता येतो, दुसऱ्या दिवशी तो मंद आचेवर पातळ करावा. त्या दिवशी पाहुणे यायच्या तासभर आधी फोडी पहिल्या दोन टप्प्यांपर्यंत भाजून ट्रेवरच उघड्या राहू द्या, झाकू नका, झाकल्या तर वाफ परत आत मुरते. सगळे ताटावर बसण्याच्या बेतात आले की फोडी गरम मसाल्यात घोळून तापलेल्या ओव्हनमध्ये घाला. गार झालेल्या असल्यामुळे सहाऐवजी दहा मिनिटे लागतील. उरल्या तर दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये ठेवा आणि तीन-चार दिवसांत संपवा. गरम करताना मायक्रोवेव्ह नको, जाड तव्यावर थोड्या तेलात परता. लिंबाचा रस मात्र पुन्हा नव्याने पिळावा लागेल.